सेतुमाधवरावांच्या चार वह्या

तंजावूरला जायचं ठरलं ते एका पत्रामुळे. पत्र तीन ओळींचं होतं आणि त्यात एकही चूक नव्हती.

‘शुद्ध प्रत तयार झाली आहे. आपण सांगितल्याप्रमाणे चारही वह्या दुरुस्त केल्या आहेत. सवडीने येऊन पाहाव्यात, ही नम्र विनंती.’ खाली सही: सेतुमाधवराव, तंजावूर.

माझं पोट मुद्रितशोधनावर चालतं. सोलापुरात घरी बसून मी इतरांची पुस्तकं छपाईला जाण्याआधी तपासते. बिनचूक पत्र बघून मला बरं वाटायला हवं होतं. पण सेतुमाधवरावांची आधीची पत्रं माझ्या लक्षात होती. त्यांत ते ‘विचारतो’ असं कधी लिहीत नसत, ‘पुसतों’ लिहीत. ‘पुष्कळ’च्या जागी ‘उदंड’. भोसल्यांच्या काळात तंजावूरला जाऊन राहिलेल्या मराठी घरातला हा माणूस, आणि त्याची मराठीही तेव्हाचीच, तमिळ शेजारात मुरलेली. या पत्रातली मराठी मात्र माझ्यासारखी होती. अगदी माझ्यासारखी. ते पत्र दोन दिवस टेबलावर पडून राहिलं आणि तिसऱ्या दिवशी मी तिकीट काढलं.

जुन्या वाचकांना आठवेल, सहा वर्षांपूर्वी मी कंबोडियाला गेले होते आणि परतल्यावर इथेच, या ब्लॉगवर, एका बौद्ध भिक्खूंबद्दल लिहिलं होतं. देशावर फ्रेंचांचा अंमल होता, ख्मेर भाषा रोमन अक्षरांत लिहावी असा घाट घातला जात होता, त्या काळात या विद्वान भिक्खूंनी ख्मेरचा दोन खंडांचा कोश तडीस नेला. नव्या वस्तूंसाठी फ्रेंच शब्द उचलण्याऐवजी पाली आणि संस्कृतमधून शब्द घडवले. पुढे त्या देशात काय झालं ते आपण सगळे जाणतो. विहार ओस पडले, भिक्खू मारले गेले, पुस्तकं नाहीशी झाली. कोश राहिला. तो पुन्हा छापला गेला, आणि आजही तिथे एखाद्या शब्दावरून वाद झाला की कुणीतरी विचारतंच, ‘भंतेंच्या पुस्तकात काय आहे?’ आमचा वाटाड्या सोफाल तरुणपणी दोन वर्षं भिक्खू होता. आगगाडीसाठी घडवलेला शब्द त्याने मला वहीत लिहून दाखवला होता. उच्चार त्यांचा निराळा, पण अक्षरं आपल्या ओळखीची: अयस्मय यान. लोखंडाचं वाहन. मी त्या एका शब्दावर अख्खा परिच्छेद लिहिला होता.

त्या लेखाखाली तंजावूरहून एक प्रतिक्रिया आली. ‘मी रेल्वेंत बुकिंग क्लार्क होतों. नातीनें फोनवर हें दाखविलें. अयस्मय यान वाचून डोळे भरले. आमच्या बोलीला असा भिक्खू नाहीं. मी एकटा चार वह्यांत आमच्या घरचे शब्द लिहून ठेविले आहेत. तपासून द्याल काय?’

तिथे आता देवनागरी वाचणारे थोडेच. सेतुमाधवराव शाळकरी वयात हिंदीच्या परीक्षांना बसले होते, म्हणून त्यांना ती लिहिता येत होती. पहिल्या वहीची झेरॉक्स त्यांनी पोस्टाने पाठवली. मी चार संध्याकाळी बसून ती लाल पेनाने तपासली आणि परत धाडली, सोबत एक पत्र जोडून. त्या पत्रात काय लिहिलं होतं ते मला आठवत नव्हतं. तेव्हापासून आमचा संबंध दिवाळीच्या शुभेच्छांपुरता राहिला होता.

जाणाऱ्यांसाठी थोडं. सोलापूरहून चेन्नईला थेट गाडी मिळते. उतरल्यावर एग्मोर स्थानकावर जाऊन दुसरी गाडी धरावी लागते, मध्ये किमान तीन तास ठेवा. दिवसाची गाडी घ्या, कारण चिदंबरमनंतर जे दिसतं ते अंधारात घालवण्यासारखं नाही. मी नोव्हेंबरात गेले. तिकडे हेच पावसाचे महिने. खिडकीबाहेर तासन् तास भात, मध्ये नुसता पाण्याचा चौकोन, त्यात एखादा बगळा, पुन्हा भात. आकाश राखेच्या रंगाचं. समोरच्या बाईंनी इडलीचा डबा उघडला आणि मला न विचारता दोन माझ्या हातावर ठेवल्या. मी तमिळमध्ये आभार मानायचा प्रयत्न केला तर त्या इतक्या हसल्या की डबा सांडता सांडता राहिला. या प्रवासातलं ते एकमेव निखळ हसू. म्हणून नोंदवून ठेवते.

जुन्या बसस्थानकाजवळ बाराशे रुपयांत स्वच्छ खोली मिळाली. गरम पाणी बादलीने, सांगितलं तर. खाली खानावळ, केळीच्या पानावर जेवण, वाढणारा ‘पुरे’ला दाद देत नाही. संध्याकाळी मोठ्या देवळात गेले. पावसाने दगड निसरडे झाले होते, चपला बाहेर ठेवल्यावर जरा जपून चाला. शिखराबद्दल मी लिहिणार नाही, सगळे लिहितात. मी गेले होते भिंतीवरचा मराठी शिलालेख बघायला. ओळींमागून ओळी, आपल्याच लिपीत, भोसल्यांची सगळी हकिकत. तिथे पुण्याकडचं एक जोडपं उभं होतं.

“अगं, हे मराठीत आहे!”

“वाच की मग.”

“वाचता येतंय. कळत नाहीये.”

“मग फोटो काढ आणि चल, चहा घेऊ.”

मला त्यांचं हसू आलं. मग मीही तीन ओळी वाचल्या आणि तिसऱ्या ओळीत अडखळले. देवळाच्या जोत्यावर त्याहून कितीतरी जुने लेख आहेत, तमिळ आणि मध्ये मध्ये ग्रंथ लिपीतले, म्हणजे तिकडे संस्कृत लिहायला वापरत त्या लिपीतले. त्या ग्रंथ अक्षरांची वळणं पाहताना सोफालची वही आठवली. ‘आमची अक्षरं तुमच्या दक्षिणेतून समुद्र ओलांडून आली,’ असं तो म्हणाला होता. पोरसवदा वयात गावातल्या विहारात तो ती गिरवायला शिकला, आणि शंका आली की भंतेंचा कोश उघडायचा. इतक्या लांब जाऊनही ती अक्षरं कुणीतरी सांभाळली. आणि इथल्या भिंतीवरची माझी अक्षरं इथल्या माझ्या माणसांना वाचता येत नाहीत. मी फार वेळ थांबले नाही. पाऊस वाढला होता.

दुसऱ्या दिवशी सकाळी सेतुमाधवरावांकडे. पश्चिमेच्या मोठ्या रस्त्यामागची गल्ली, तळमजल्यावरच्या दोन खोल्या, दारात ओली छत्री उघडी वाळत ठेवलेली. ऐंशीच्या आतबाहेरचे गृहस्थ, कपाळावर उभी रेघ, इस्त्रीचा शर्ट आणि वेष्टी, म्हणजे तिकडचं पांढरं धोतर. पत्नी जाऊन बरीच वर्षं झालेली, मुलगा चेन्नईत.

“यावें, यावें. काल मी तुमची वाट पाहिलें...” ते थांबले. डोळे मिटून पुन्हा म्हणाले, “वाट पाहिली.”

“पाहिलें चालेल हो,” मी म्हणाले.

“चालणार नाहीं. तुम्हीच कापलें होतें.” आणि स्टीलच्या पेल्यात कॉफी ओतली.

टेबलावर शुद्ध प्रत होती. चार जाड वह्या, निळं पुठ्ठ्याचं कव्हर, प्रत्येकावर पांढरी चिठ्ठी. अक्षर तिकिटाच्या खिडकीत बसणाऱ्या माणसाचं, एका उंचीचं, एका कलाचं. मी पहिली वही उघडली. ‘सूप: धान्य पाखडण्याचे साधन.’ ‘पळी: आमटी वाढण्याचे साधन.’ ‘पलंग.’ ‘चटई.’ पान उलटलं. ‘विचारणे.’ ‘पुष्कळ.’ ‘चांगले.’ दुसरी वही उघडली, तिसरी, चौथी. एकही शब्द असा नव्हता जो माझ्या घरात, माझ्या शेजारच्या घरात, कुठल्याही शालेय शब्दकोशात सापडणार नाही. चार वह्या भरून, सुरेख अक्षरात, आमचे शब्द होते.

“कशी आहे?” त्यांनी विचारलं.

“अक्षर फार सुंदर आहे,” मी म्हणाले. हे खरं होतं आणि त्यामागे मी लपले.

“तुमच्या पहिल्या वहीचा नमुना समोर ठेवून उरलेल्या तीन मींच तपासल्या. तुम्ही ‘मोरम’ कापून ‘सूप’ केलें, कारण मोरम तमिळ. ‘करंडी’ कापून पळी. मग मला पद्धत कळली. तमिळ आला कीं काप. जुनें रूप आलें कीं नवें लिही. दोन वर्षें लागलीं, पण सोपें गेलें. शेवटीं शेवटीं तर वहीकडे पाहायचीही गरज नव्हती.”

“आणि त्या जुन्या वह्या?”

ते हसले. शाबासकी मिळणार असल्यासारखे हसले, आणि कपाटातून प्लास्टिकच्या पाकिटातलं एक पत्र काढून माझ्यापुढे ठेवलं. माझंच अक्षर. ‘उरलेल्या वह्याही याच पद्धतीने तपासून घ्याव्यात. शुद्ध प्रत तयार झाल्यावर जुनी प्रत ठेवू नये, म्हणजे पुढे घोळ होत नाही.’

हे शेवटचं वाक्य मी प्रत्येक कामाबरोबर लिहिते. वीस वर्षं लिहीत आले आहे. छापखान्यात जुनी प्रत राहिली की कुणीतरी तीच छापायला घेतो, म्हणून. ते लिहिताना मी विचारही करत नाही.

“रेल्वेंत आमचें तसेंच,” ते सांगत होते. “नवें भाडेपत्रक आलें कीं जुनें त्याच दिवशीं फाडायचें. नाहीं तर कोणी क्लार्क जुन्यांतलें भाडें सांगेल, गोंधळ. तुमचें पत्र वाचलें आणि मला वाटलें, ही बाई आमच्यांतलीच. पण ह्या वह्या. फाडणार कशा? सरस्वती. रद्दींत देववेना. म्हणून तिरुवैयारुला नेऊन कावेरीला वाहिल्या. दाखवूं चला.”

त्याआधी जेवण झालं. भात, आमटी आणि त्यांनी स्वतः केलेली डांगर पचडी, म्हणजे भाजलेल्या उडदाचं पीठ दह्यात कालवून वर फोडणी. पहिला घास घेताना त्यांनी मला अडवलं. “तुमच्याकडे ह्या पिठाला काय म्हणतात?”

“डांगरच म्हणतात.”

“मग हा बरोबर,” ते म्हणाले आणि जेवू लागले. त्यांच्या चेहऱ्यावर सुटका दिसली.

तिरुवैयारुला तंजावूरहून सतत बस आहेत, तिकीट किरकोळ, अर्धा-पाऊण तास. वाटेत एकामागून एक नद्या लागतात, आणि सेतुमाधवराव प्रत्येक पुलावर बोट दाखवून नाव सांगत होते, स्थानकं जाहीर केल्यासारखी. शेवटची कावेरी. संगीतासाठी येणारे लोक इथे राहिलेल्या गायक संताच्या समाधीकडे वळतात. आम्ही घाटावर गेलो. नदी चहाच्या रंगाची, दोन्ही काठ भरून, आवाज न करता चाललेली. पायऱ्यांवर ओला झेंडू चिकटलेला.

“ह्या पायरीवर,” ते म्हणाले. “आडी महिन्याचा, आपल्या आषाढाच्या सुमाराचा, अठरावा दिवस होता. त्या दिवशीं इथें उदंड... पुष्कळ गर्दी. नवें पाणी येतें ना. बायका हळदकुंकू, काळे मणी वाहतात. नव्या नवऱ्या लग्नांतल्या माळा आणून सोडतात. त्यांच्यामध्यें मी वह्या घेऊन उभा. एक पोरगी पुसते, तात्ता, तुमचें लग्न केव्हां झालें?” ते स्वतःशीच हसले. “हळदकुंकू लावून सोडल्या. तीन लगेच बुडाल्या. एक लांबपर्यंत गेली. त्या वळणापर्यंत दिसत होती.”

त्यांनी वळण दाखवलं. मी पाहिलं. तेव्हाच सांगायला हवं होतं. मी स्वतःला समजावलं की या वयाच्या माणसाला, नदीच्या काठावर, ओल्या पायऱ्यांवर, असं काही सांगू नये. पण खरं कारण ते नव्हतं. ते माझे आभार मानत होते आणि मला ते थांबवता आले नाहीत. नुसता सांगायचा कंटाळा म्हणावा तर तसंही नाही. मला अजून थोडा वेळ ती चांगली बाई राहायचं होतं.

शिवाय मनात एक आशा धरली होती. पापनाशमला त्यांची थोरली बहीण राहत होती, अंबुजाक्का. वाचता येत नाही, लिहिता येत नाही. शब्द आईकडून आलेले, तिच्या तोंडात असतीलच. वही गेली तरी बोलणारं माणूस आहे. मी मोबाइल चार्ज केला, त्यावर ध्वनिमुद्रणाची सोय तपासली.

तिसऱ्या दिवशी सकाळच्या पॅसेंजरने पापनाशम. अर्धा तास लागतो. स्थानकाबाहेर लगेच शेतं सुरू होतात आणि रस्त्याच्या एका कडेला पाणी साचलेलंच असतं. रिक्षावाल्याने ऐंशी सांगितले, सेतुमाधवरावांनी साठ केले. अक्का ओसरीत बसून पालेभाजी निवडत होत्या. नाकात दोन्ही बाजूंनी हिरे, डोळ्यांवर जाड चष्मा. मला पाहून त्यांनी पदर सावरला आणि भराभर तमिळमध्ये स्वागत केलं.

“मराठींत बोल, अक्का,” सेतुमाधवराव म्हणाले. “ह्याच त्या. सोलापूरच्या.”

“अय्यो,” म्हणून त्यांनी भाजी खाली ठेवली.

“बोल कीं.”

“नको रे, सेत्या. मला चुकतें.”

मी त्यांच्याजवळ खाली बसले. म्हटलं, “अक्का, तुम्ही बोलता तसंच बोला. मला तेच ऐकायचंय.”

त्यांनी भावाकडे पाहिलं, मग माझ्याकडे. “हा रोज फोन करितो,” त्या सावकाश म्हणाल्या. “कशी आहेस, जेवलीस काय, तें नाहीं. परीक्षा घेतो. मोरम म्हणूं नको, सूप म्हण. मी म्हटलें, सूप हॉटेलांत पितात, पाखडत नाहींत. तर रागावला. म्हणे सोलापूरच्या बाईनें लिहिलें आहे.”

“अक्का...”

“थांब, मला सांगूं दे. पाऊणशें वर्षें बोललें. आईशीं बोललें, नवऱ्याशीं बोललें, कोणी चूक नाहीं म्हणालें. आतां तोंड उघडलें कीं हा मध्यें कापतो. म्हणून तमिळच बोलतें. नातवाशींही. तमिळांत मला कोणी कापत नाहीं.”

मी म्हणाले, “अक्का, चूक माझी होती. तुमचंच बरोबर होतं. सगळं बरोबर होतं.”

अक्कांनी चष्म्यातून माझ्याकडे पाहिलं. त्या नजरेत राग नव्हता. बाजारात दोनदा भाव बदलणाऱ्या माणसाकडे बघतात तशी नजर होती. “आधीं चूक,” त्या म्हणाल्या, “आतां बरोबर. पुढच्या वर्षीं काय सांगशील?”

आणि त्यांनी भाजी पुन्हा पुढे ओढली. मी काही वस्तूंकडे बोट दाखवून विचारलं, याला काय म्हणता, त्याला काय म्हणता. त्यांनी प्रत्येक वेळी आधी भावाकडे पाहिलं आणि मग शुद्ध शब्द सांगितला. सूप. पळी. चटई. माझ्या मोबाइलमध्ये ते अकरा मिनिटांचं ध्वनिमुद्रण आहे. त्यात एका म्हाताऱ्या बाईने सोलापूरची मराठी पाठ म्हटलेली आहे आणि मागे पन्हाळीतून पाणी पडतंय. निघताना मात्र त्यांनी माझ्या कपाळाला कुंकू लावलं, ओटीत केळी घातली आणि पोहोचल्यावर फोन कर म्हणाल्या. तमिळमध्ये.

परतीची गाडी उशिरा होती. पापनाशमच्या फलाटावर एका बाकावर आम्ही दोघं. सेतुमाधवरावांनी छत्री दोन गुडघ्यांत उभी धरली होती आणि तिच्या मुठीवर हनुवटी टेकली होती.

“तिला तुम्ही जें बोललां,” ते म्हणाले, “तें तिला बरें वाटावें म्हणून?”

“नाही. खरं आहे ते.”

“म्हणजे पहिलें सर्क्युलर रद्द.”

“ते पाठवायलाच नको होतं. तुमचे शब्द वेगळे होते म्हणूनच वही मोलाची होती. मी ते पुस्तक असल्यासारखं तपासलं. मला दुसरं काही येत नाही म्हणून.”

मालगाडी गेली. तिचे डबे ते मोजत असावेत, ओठ हलत होते. की वह्यांतलं काही आठवत होते, कोण जाणे.

“म्हणजे वाहायच्या नव्हत्या,” ते म्हणाले.

“नव्हत्या.”

“बारा वर्षें आईजवळ बसून लिहिल्या होत्या. ती सांगे, मी लिहीं. आतां पुसूं कोणाला?” मग थोड्या वेळाने, “मला आठवेल असें वाटतें तुम्हांला? दोन वर्षें शुद्ध लिहितां लिहितां तेंच तोंडांत बसलें. आतां डोळे मिटले कीं तुमचेच शब्द येतात.”

मी क्षमा मागितली. ते “सरी, सरी” म्हणाले, असू दे असू दे म्हणतात तसं, आणि छत्री उघडून मिटली. मला ते रागावले असते तर बरं वाटलं असतं, हा विचारही माझ्या मनात आला. त्यांच्या रागाने माझी सुटका व्हावी, ही त्यांच्याकडून आणखी एक अपेक्षा.

संध्याकाळच्या गाडीने मला निघायचं होतं. निरोप घ्यायला त्यांच्या घरी थांबले तेव्हा ते आत देवघरापाशी गेले आणि हळदीच्या रंगाच्या फडक्यात बांधलेलं एक गाठोडं घेऊन आले. “हें तुमचें.”

फडकं सोडलं. पहिल्या वहीची झेरॉक्स. माझी लाल शाई असलेली. प्रत्येक पानाच्या कोपऱ्यात कुंकवाचं बोट.

“ही नाहीं वाहिली,” ते म्हणाले. “ही जुनी प्रत नव्हे. ही तुमच्या हातची. सरस्वतीपूजेला देवापुढें ठेवितों. आतां तुम्हीच न्या. मला नको.”

मी ते गाठोडं छातीशी धरून स्थानकावर गेले. गाडीत उघडलं नाही.

घरी आल्यावर आधी माझी कंबोडियाची जुनी रोजनिशी काढली. अयस्मय यानाचं पान शोधलं. खाली सोफालचं आणखी एक वाक्य मी लिहून ठेवलं होतं, जे लेखात घेतलं नव्हतं. ‘पण आम्ही रोज बोलताना असं म्हणत नाही. आम्ही म्हणतो आगीची गाडी. आमच्या घरात सगळे तेच म्हणतात.’ आगीची गाडी. आपलीच आगगाडी, समुद्रापलीकडे. मी ते वाक्य का गाळलं? भारदस्त शब्दानंतर ते जरा घरगुती वाटलं असणार. सोफालला मी निरोप पाठवून विचारलं, भंतेंनी लोकांचे साधे शब्द कोशातून काढून टाकले होते का? त्याचं उत्तर आलं: ‘नाही. नवे घडवले, जुनेही ठेवले. माझ्या आजीचे कितीतरी शब्द मला त्या पुस्तकातच सापडले. तू लिहिलं होतंस ना त्यांच्याबद्दल?’

लिहिलं होतं. अर्धं लिहिलं होतं. त्या लेखात आता ते वाक्य जोडलं आहे, तारखेसकट. त्याने काही परत येणार नाही, पण तो लेख वाचून कुणी तंजावूरहून पुन्हा वही पाठवू नये.

तुम्ही तंजावूरला जाणार असाल तर जरूर जा. देऊळ पाहा, कावेरी पाहा, पापनाशमकडची शेतं पाहा. कुणी तुमच्याशी त्यांच्या मराठीत बोललं तर ‘किती गोड’ म्हणू नका आणि ‘आमच्याकडे असं म्हणतात’ असंही सांगू नका. नुसतं उत्तर द्या.

आता रोज सकाळी मी ती झेरॉक्स खिडकीच्या काचेवर उलटी धरते. उजेडात लाल शाई फिकी दिसते आणि खालची अक्षरं थोडी वर येतात. मोरम. करंडी. कट्टील, ज्याचा मी पलंग केला होता. चार वह्यांतली एक, तिच्यातले बरेच शब्द असे हाती लागले आहेत. ते वेगळ्या वहीत उतरवते, अर्थासकट, जसे होते तसे. दर रविवारी सेतुमाधवरावांना फोन करून वाचून दाखवते. ते “असेल, असेल” म्हणतात. पूर्वीसारखं पत्र मात्र लिहीत नाहीत.

काही शब्द मिळणार नाहीत. मी मन लावून काम करते. जिथे शब्द फारच वेगळा वाटला तिथे मी तीन-तीनदा रेघ ओढली आहे, कागद फाटेपर्यंत. अशाच एका जागी शब्द पूर्ण गेलाय, पण त्यांनी लिहिलेला अर्थ मी खोडला नव्हता. ‘सांज झाली, पण दिवा लावला नाहीं, तो मधला वेळ. आई या वेळीं कोणाला दाराबाहेर जाऊं देत नसे.’ वर लाल शाईत मी लिहिलं आहे, ‘संध्याकाळ’.

गेल्या रविवारी मी हा अर्थ सेतुमाधवरावांना वाचून दाखवला. मग ते म्हणाले, “होता. एक शब्द होता खरा.” त्या दिवशी अंबुजाक्का त्यांच्याकडे आल्या होत्या. त्यांनी फोन अक्कांच्या हातात दिला. मी पुन्हा सावकाश वाचलं, दिवा, दार, आई, सगळं. अक्का ऐकत होत्या. त्यांचा श्वास मला ऐकू येत होता. मला वाटलं, आता येईल.

“संध्याकाळ,” अक्का म्हणाल्या. “बरोबर आहे ना, बाई?”